लुईस आल्कोरीसा: बुन्युएलच्या टायटल्समधलं दुसरं नाव

पिटातला_प्रेक्षक

मंडळी, स्पॅनिश दिग्दर्शक लुईस बुन्युएलवर इथं अधूनमधून धागे निघतात, हाणामाऱ्याही होतात, पण त्याच्या मेक्सिकन सिनेमांच्या टायटल्समधे जे एक नाव सारखं सारखं येतं त्याच्याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही. लुईस आल्कोरीसा. 'लोस ओल्विदादोस', 'एल', 'एल ब्रुतो', त्याआधीचा 'एल ग्रान कालावेरा', सगळीकडे पटकथेत हा आहे. म्हणून म्हटलं एक धागा याच्या नावाचा काढूच.

माणूस मूळचा स्पेनचा. १९१८ साली बादाखोसला जन्म, घर नाटकवाल्यांचं, फिरती कंपनी, त्यामुळे पोरगं विंगेतच वाढलं. मग स्पेनमधे यादवी पेटली आणि हा फिरत फिरत १९४० च्या सुमारास मेक्सिकोत येऊन पडला. तेव्हा तिथं स्पेनच्या निर्वासितांची रीघ लागलेली, राष्ट्राध्यक्ष लासारो कार्देनासनं दारं उघडली होती त्यामुळे लेखक, प्राध्यापक, नट, छपाईवाले सगळे तिकडे. आणि मेक्सिकन सिनेमाचे नेमके तेच भरभराटीचे दिवस. १९५० च्या आसपास वर्षाला शंभरच्या वर सिनेमे निघत होते. एवढे सिनेमे म्हणजे एवढ्या गोष्टी हव्यात, एवढे संवाद हवेत आणि ते पुढच्या आठवड्यात हवेत, शूटिंग लागलंय, हिरोच्या तारखा संपतायत. लिहिता हात असलेल्याला काम कमी नव्हतं.

पण याची सुरुवात नटाची. दिसायला देखणा, त्यामुळे 'मारिया माग्दालेना' या १९४६ च्या धार्मिक सिनेमात चक्क येशू ख्रिस्ताचं काम मिळालं! पुढे याच माणसानं ढोंगी भाविक लोकांची जी काही टर उडवली आहे ती बघताना ही गोष्ट आठवली की मला जाम हसू येतं.

त्याच वर्षी पहिली पटकथा, 'एल आहिखादो दे ला मुएर्ते', होर्हे नेग्रेतेचा सिनेमा, दिग्दर्शक नॉर्मन फॉस्टर. ही त्यानं बायकोबरोबर लिहिली. बायको म्हणजे जॅनेट, तिच्यावर वेगळं लिहायला पाहिजे, कुणाला माहिती असेल तर भर घाला.

आता माझा मुद्दा. १९४७ मधे बुन्युएलचा मेक्सिकोतला पहिला सिनेमा 'ग्रान कासिनो' आपटला, नेग्रेते आणि लिबेर्ताद लामार्के असे दोन तगडे स्टार असून. त्यानंतर बरेच दिवस हातात काम नाही. मग निर्माता ऑस्कर डान्सिगर्स आणि नट फेर्नांदो सोलेर यांनी १९४९ ला एक घरगुती कॉमेडी दिली, तोच 'एल ग्रान कालावेरा'. श्रीमंत दारुडा विधुर, त्याच्या जिवावर जगणारं ऐतखाऊ कुटुंब, घरचे त्याला 'तू कंगाल झालास' असं भासवतात, त्याला ते कळतं आणि तो डाव त्यांच्यावरच उलटवतो. मूळ एका स्पॅनिश नाटकावरून लुईस आणि जॅनेटनी लिहिलेला, वर लुईसनं त्यात कामही केलंय. हा सिनेमा चालला, दणकून चालला, आणि म्हणून डान्सिगर्सनं बुन्युएलला म्हटलं की आता जरा गंभीर काहीतरी करू, गरीब पोरांवर. तो 'लोस ओल्विदादोस'.

म्हणजे ज्या सिनेमामुळे बुन्युएल पुन्हा उभा राहिला तो मुळात आल्कोरीसा नवरा-बायकोनं चोख बांधलेला धंदेवाईक सिनेमा होता. माझं म्हणणं एवढंच की प्रेक्षक कुठं हसेल, कुठं अडकेल, कुठं नाक मुरडेल हे बुन्युएलला मेक्सिकोत शिकवणाऱ्यांत हा माणूस पहिला. बोला.

उंडगा

वाचनखूण साठवली. पण काका, एक विचारू का, बुन्युएल नसता तर हा धागा निघाला असता का? मला तर वाटतं असे शे-दोनशे कामसू लेखक तिथं असतील, त्यातल्या एकाला लॉटरी लागली. हलके घ्या.

अडगळीची_खोली

'लोस ओल्विदादोस'बद्दल थोडं.

बुन्युएल कित्येक महिने मेक्सिको सिटीच्या झोपडपट्ट्यांतून हिंडला, अंगात जुनेपाने कपडे घालून. कधी एकटा, कधी सेट डिझायनर एडवर्ड फिट्झजेराल्ड बरोबर, कधी आल्कोरीसा. सुधारगृहाच्या नोंदी चाळल्या, मुलांशी बोलले, आणि मग लिहायला बसले. त्यामुळे त्यात जो हाइबो आहे, पेद्रो आहे, बाजारात बापानं सोडून दिलेला तो छोटा ओहितोस आहे, ही पोरं कागदावरची वाटत नाहीत. आंधळा भिकारीसुद्धा दयेचा धनी नाही, चांगला खवट आणि हलकट म्हातारा आहे. मेलोड्रामात आंधळ्याला हलकट दाखवायची टाप होती का कुणाची तेव्हा?

आता गंमत बघा, दोघंही लिहिणारे स्पॅनिश. तिथल्या रस्त्यावरच्या पोरांची बोली कुठून आणणार? त्यासाठी पेद्रो दे उर्दिमालास या मेक्सिकन लेखकाची मदत घेतली. हा 'नोसोत्रोस लोस पोब्रेस'चा लेखक, म्हणजे गरीब पण सोन्यासारखी माणसं दाखवणाऱ्या तिथल्या सगळ्यात गाजलेल्या सिनेमाचा. त्यानं संवाद लिहून दिले पण टायटल्समधे नाव टाकू दिलं नाही! इतका तो विषय जळजळीत होता. केशभूषा करणारी बाई तर सेटवरून काम सोडून गेली, का तर पेद्रोची आई त्याला जेवायला देत नाही असा सीन आहे आणि मेक्सिकन आई असं करणं शक्य नाही म्हणे.

नोव्हेंबर १९५० मधे लागला आणि काही दिवसांतच उतरवला. परक्यांनी येऊन आमची बेअब्रू केली असा सूर. मग १९५१ ला कान महोत्सवात दिग्दर्शनाचं बक्षीस मिळालं आणि तीच मंडळी टाळ्या वाजवायला लागली, घरच्या आरिएल पुरस्कारांत ११ बक्षिसं दिली, त्यात लेखनाचंही. आणि तो गोड शेवट ठाऊक आहे ना? सेन्सॉरनं दगा दिला तर हाताशी असावा म्हणून एक सुखान्त शेवटही शूट करून ठेवला होता, तो १९९६ मधे तिथल्या विद्यापीठाच्या फिल्म संग्रहात सापडला.

पिटातला_प्रेक्षक

अडगळ, झकास प्रतिसाद.

उंडगा, लॉटरी एकदा लागते रे. या दोघांनी १९४९ पासून १९६० च्या आसपासपर्यंत पुन्हा पुन्हा एकत्र लिहिलंय. 'एल' बघ, १९५३ चा. मेर्सेदेस पिंतोच्या कादंबरीवरून. श्रीमंत, सभ्य, रोज चर्चला जाणारा गृहस्थ आणि आतून संशयानं सडलेला. सुरुवातच चर्चमधल्या पाय धुण्याच्या विधीनं होते आणि त्या पवित्र वातावरणात याची नजर फिरत फिरत एका बाईच्या पायांवर जाऊन थांबते. पुढे किल्लीच्या भोकातून सुई खुपसतो काय, घंटेच्या मनोऱ्यावर बायकोला नेतो काय. जाक लाकां हा मनोविश्लेषक हा सिनेमा आपल्या विद्यार्थ्यांना दाखवायचा. पण मला जास्त महत्त्वाचं हे वाटतं की यात नायक आहे आर्तुरो दे कोर्दोव्हा, म्हणजे बायाबापड्यांचा लाडका रोमँटिक हिरो! त्याचं ते भारदस्त बोलणं, ती अदब, सगळं तसंच ठेवलंय, फक्त गोष्ट अशी रचली की तीच अदब भीतीदायक वाटायला लागते. ही युक्ती लिहितानाच करावी लागते, नुसत्या कॅमेऱ्यानं होत नाही.

सासवडची_माई

जॅनेटबद्दल कुणी लिहिणार का म्हणून वाट पाहत होते, आता मीच लिहिते.

ही जॅनेट रीझेनफेल्ड. वडील ह्यूगो रीझेनफेल्ड म्हणजे मूकपटांच्या काळातले मोठे संगीतकार, मुर्नाउच्या 'सनराइज'ला त्यांचं संगीत आहे. ही स्पॅनिश नृत्य करायची, आणि १९३६ मधे यादवी सुरू झाली तेव्हा ही माद्रिदमधेच होती. त्या अनुभवावर १९३८ ला तिनं पुस्तक लिहिलं. मग मेक्सिको, तिथं राकेल रोखास नावानं सिनेमात कामं, आणि लुईसशी लग्न. म्हणजे बघा, लुईस स्पेनमधून बाहेर फेकला गेलेला आणि तिनं तेच युद्ध माद्रिदमधे बसून पाहिलेलं, दोघांची गाठ पडली मेक्सिकोत आणि लिहायला काय घेतलं तर होर्हे नेग्रेतेचा सिनेमा!

'एल ग्रान कालावेरा', 'ला इखा देल एन्गान्यो', 'एल इनोसेन्ते' ही सगळी दोघांची. कुठे जॅनेट आल्कोरीसा म्हणून नाव लागतं, कुठे राकेल रोखास म्हणून. आता ज्याला तिचं एकूण काम मोजायचंय त्यानं दोन-तीन नावांनी शोधायचं आणि मग लेखात लिहायचं 'आल्कोरीसाची पत्नी, जिने सहाय्य केले'. सहाय्य! अहो बरोबरीनं लिहिलंय बाईनं. पिटातले भाऊ, तुमच्या धाग्याच्या शीर्षकात 'दुसरं नाव' आहे, तर मग हे तिसरं.

पिटातला_प्रेक्षक

माई, शंभर टक्के. त्या कॉमेड्यांमधल्या बायका बघा, तोंडानं फटकळ, डोक्यानं नवऱ्यांच्या पुढे. त्यात तिचा हात किती हे वेगळं काढून दाखवता येणार नाही, पण ज्या सिनेमांवर दोघांची नावं आहेत त्यांत हे जास्त ठळक दिसतं असं माझं मत.

टेक्सासकर_बाप्पा

इकडे माझ्याबरोबर काम करणारे निम्मे लोक मेक्सिकन, त्यामुळे तिथला लाडका गाणारा हिरो पेद्रो इन्फान्ते हा विषय मी कधीही काढू शकतो आणि लंच ब्रेक संपतो. १९५७ ला विमान अपघातात गेला तो, तरी पंचविशीतल्या पोरांना त्याचे डायलॉग पाठ, आजीबरोबर टीव्हीवर बघितलेले. 'एल इनोसेन्ते' (१९५६) तर हमखास. नवीन वर्षाच्या आदल्या रात्री श्रीमंत पोरीची गाडी रस्त्यात बंद पडते, मेकॅनिक येतो तो इन्फान्ते, मग गाडी, मग दारू, मग गाणं, आणि सकाळी तिचे आईबाप घरी येऊन बघतात तर दोघं एकाच पलंगावर गाढ झोपलेले. काही घडलेलं नाही, पण आता लग्न लावा! सिल्व्हिया पिनाल पोरगी, आणि सारा गार्सियासुद्धा आहे.

मी विचारलं हा लिहिला कुणी, तर एकालाही सांगता आलं नाही. मी म्हटलं ज्यानं 'लोस ओल्विदादोस' लिहिला त्यानंच, तर एक जण मला म्हणाला गप रे, तुला काय माहीत. त्याच्या डोक्यात ते दोन सिनेमे एका माणसाचे असूच शकत नाहीत. आणि मला विचाराल तर 'एल इनोसेन्ते'मधेसुद्धा ती इज्जतीच्या नावाखाली चाललेली धावपळ, आईबापांना मुलीपेक्षा लोक काय म्हणतील याचीच पडलेली, हे बुन्युएलच्या सिनेमातलंच आहे की, फक्त इथं गाण्यासकट मिळतं.

उंडगा

बाप्पा, पटतंय थोडं थोडं. तरी एक. एवढाच भारी होता तर बुन्युएलशिवाय आणि स्टारशिवाय काय केलं ते सांगा. दुसऱ्याच्या जिवावर चांगलं लिहिणारे खूप असतात.

अडगळीची_खोली

उंडगा, 'एल एस्केलेतो दे ला सेन्योरा मोरालेस' बघ आणि मग ये भांडायला. १९६० चा, दिग्दर्शक रोखेलिओ गोन्सालेस, बुन्युएलचा काडीचा संबंध नाही. आर्थर माकेनच्या इंग्रजी कथेवरून आल्कोरीसानं लिहिलेला. मेलेल्या प्राण्यांत पेंढा भरणारा एक हसरा गृहस्थ, पुन्हा आर्तुरो दे कोर्दोव्हाच. बायको अतिधार्मिक, त्याच्या धंद्याची तिला किळस, सतत गळा काढणार, आणि पाद्री व चर्चच्या बायका तिच्या बाजूनं. एके दिवशी बायको दिसेनाशी होते आणि याच्या दुकानात एक सांगाडा येतो. पुढचं सांगत नाही. खटल्याचा सीन म्हणजे कहर आहे, हसू आवरत नाही आणि आपण कुणाची बाजू घेतोय हे लक्षात आलं की जरा कसंतरी होतं. मेक्सिकन सिनेमात काळ्या विनोदाचा विषय निघाला की याचं नाव पहिलं घेतात.

रीळ_तीन

लेखकाचा दिग्दर्शक झाला तो भाग कुणीच घेतला नाही म्हणून माझे दोन पैसे.

१९४६ पासून लिहितोय, पहिला सिनेमा दिग्दर्शित केला 'लोस होवेनेस', १९६१. एवढी वर्षं का? एक तर तिथली युनियन. १९४५ मधे सिनेनिर्मिती कामगारांची जी युनियन निघाली तिच्या दिग्दर्शक विभागात नव्या माणसाला शिरकाव मिळणं महाकठीण, आत आहेत ते आत, बाहेरचे बाहेर. नवे दिग्दर्शक यावेत म्हणून १९६५ ला प्रायोगिक सिनेमांची स्पर्धा घ्यावी लागली यावरून समजा. आल्कोरीसा त्याच्या आधीच आत घुसला, आणि घुसल्या घुसल्या तीन सिनेमे असे केले की बस्स.

'त्लायुकान' (१९६२). गरीब शेतकरी, मुलगा आजारी, औषधाला पैसे नाहीत, देवळातल्या संत लुसियाच्या मूर्तीचा मोती चोरतो, पळताना तो मोती जातो डुकराच्या पोटात! आता अख्खं गाव डुकरांच्या मागे. पाद्री, सावकार, भिकारी, श्रीमंत म्हातारा, सगळ्यांची एकेक करून हजामत. पण गंमत म्हणजे सिनेमा कडवट होत नाही, गावाला शेवटी माफ करतो. बुन्युएलनं माफ केलं नसतं. हा ऑस्करच्या परभाषा विभागात नामांकनापर्यंत गेला. ओळीनं तिसरं वर्ष मेक्सिकोचं, आधी 'माकारिओ', मग 'आनिमास त्रुहानो', मग हा.

मग 'तिबुरोनेरोस' (१९६३), शार्क पकडणारे कोळी. शहरात बायकोमुलं ठेवून हा गडी समुद्रावर राहतो, तिथं दुसरा संसार, मग कुटुंबासाठी शहरात परततो आणि तिथं त्याचा जीव घुसमटतो. फार काही घडत नाही. जाळी, होड्या, मासे कापणं, हिशेब. माझा सगळ्यात आवडता हाच. इतकी वर्षं घट्ट विणलेल्या पटकथा लिहिणाऱ्या माणसानं इथं वीण मुद्दाम सैल सोडलीय, माणूस काम करताना कसा दिसतो ते बघत बसलाय.

तिसरा 'ताराउमारा' (१९६५), चिवावाच्या डोंगरातले आदिवासी, इग्नासिओ लोपेस तार्सो शहरातून गेलेला भला माणूस. कानमधे समीक्षकांचं पारितोषिक. चांगला आहे पण जरा भाषणबाजी आहे.

आणि १९७२ चा 'मेकानिका नासियोनाल'! मोटारींची शर्यत बघायला निम्मं शहर माळावर उतरतं, खाणं पिणं मारामाऱ्या, रात्रभर धुमाकूळ, आणि आजी अति खाऊन मरते. आजी कोण, तर सारा गार्सिया, जिला सगळा देश पडद्यावरची आजी म्हणून ओळखतो, तिलाच असं मारलंय. मग ट्रॅफिकमधून प्रेत घरी न्यायचं. मी हा बघताना खुर्चीतून पडायचा बाकी होतो.

उंडगा, हे सगळं बुन्युएलशिवायचं हां.

उंडगा

बरं बाबा शरण. पण 'गावाला माफ करतो' हेच माझं म्हणणं आहे. बुन्युएल नसला की हा मवाळ होतो. दोघं एकत्र असतानाच तो दात आहे.

रीळ_तीन

'मेकानिका नासियोनाल' मवाळ??? बघितलायस का?

उंडगा

नाही :)

खारेदाणे

अवांतर आहे पण इथल्या लोकांना आवडेल. कानला १९५१ मधे 'लोस ओल्विदादोस'साठी ज्यानं जिवाचं रान केलं, बुन्युएलवर लेख लिहून लोकांना स्वतः वाटला, तो होता मेक्सिकन कवी ओक्तावियो पाझ. तेव्हा पॅरिसमधे मेक्सिकोच्या वकिलातीत नोकरीला, आणि सरकारी लोकांना तर हा सिनेमा डोळ्यासमोर नको होता. त्याच वर्षी त्याची बदली भारतात झाली आणि नोव्हेंबरमधे तो बोटीनं मुंबईत उतरला, ताजमधे राहिला, घारापुरीची लेणी बघून आला. पुढे १९६२ ते ६८ राजदूत म्हणून पुन्हा आला, मेक्सिकोत विद्यार्थ्यांवर गोळीबार झाला म्हणून राजीनामा दिला, आणि जाताना परत घारापुरीला गेला. त्यावर त्याची कविता आहे.

पिटातला_प्रेक्षक

वा खारेदाणे! मग माझंही एक अवांतर, लेखकांच्याच गोतावळ्यातलं. गार्सिया मार्केझ मेक्सिकोत राहायचा तेव्हा त्याची आणि लुईस-जॅनेटची घट्ट मैत्री. 'शंभर वर्षांचं एकटेपण'ची मूळ छापखान्यातली प्रुफं, त्याच्या हातच्या हजाराहून जास्त दुरुस्त्यांसकट, त्यानं १९६७ मधे या दोघांना भेट दिली, वर अर्पण लिहून. दोघांनीही ती शेवटपर्यंत विकली नाहीत. ते गेल्यावर २००१ ला बार्सिलोनात लिलावाला आली आणि कुणी घेतलीच नाहीत! १९७४ चा 'प्रेसाहियो' आल्कोरीसा आणि मार्केझनं मिळून लिहिलाय. आज गावात काहीतरी भयंकर घडणार असं एका सुईणीला वाटतं, ती बोलते, आणि त्या बोलण्यानंच गाव हळूहळू पिसाटतं.

आणि उंडग्यासाठी एक शेवटचं. 'एल आन्खेल एक्स्तेर्मिनादोर', १९६२, मेजवानीला आलेले श्रीमंत पाहुणे खोलीतून बाहेरच पडू शकत नाहीत तो. सगळे म्हणतात हा अस्सल बुन्युएल. त्याचा मूळ आराखडा बुन्युएल आणि आल्कोरीसा दोघांचा आहे, टायटल्समधे तसं लिहिलंय. पटकथा पुढे बुन्युएलनं एकट्यानं केली कारण तोवर हा स्वतःच्या सिनेमांत गुंतला होता. त्यामुळे दात नक्की कुणाचा होता हे इतक्या सहज ठरवू नकोस.

सासवडची_माई

शेवटी काय झालं त्यांचं?

पिटातला_प्रेक्षक

माई, तो काम करत राहिला. १९८७ चा 'लो के इम्पोर्ता एस विविर' चांगला आहे. १९९० मधे स्पेनला जाऊन मिगेल देलिबेसच्या कादंबरीवर सिनेमा केला, तो शेवटचा. १९९२ ला मेक्सिकोतच, कुएर्नावाकाला गेला. जॅनेट त्यानंतर काही वर्षांनी.

टेक्सासकर_बाप्पा

कुठून सुरू करू? घरात बायको आणि सासू आहेत, सांगाडाबिंगाडा लगेच नको.

रीळ_तीन

'एल ग्रान कालावेरा' लावा. मग 'एल इनोसेन्ते', मग 'त्लायुकान'. सांगाडा सासूबाई गावी गेल्या की.

टेक्सासकर_बाप्पा

हसून हसून पुरेवाट. सासूबाई सहा महिन्यांच्या व्हिसावर आल्यायत.

उंडगा

मी 'मेकानिका नासियोनाल'पासून सुरू करतो. नाही आवडला तर इथंच येऊन भांडणार, रीळ_तीन तयार राहा.